जॉन कर्नाक : वडगावला अडकलेला माजी खासदार – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पहिल्या इंग्रज-मराठा युद्धाचा विषय निघाला की वाचकांच्या पत्रांत हे नाव हटकून येतं. कुणी मुंबईच्या पुलाबद्दल विचारतं, कुणी फितुरीबद्दल, तर कुणी 'ब्रिटिश पार्लमेंटचा सभासद मावळात काय करत होता?' असं विचारतं. पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. एका उत्तरात आलेलं दुसऱ्यात उगाळलेलं नाही. तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. जॉन कर्नाक म्हणजे नेमका कोण? थोडक्यात सांगा.

अठराव्या शतकातला ईस्ट इंडिया कंपनीचा लष्करी अधिकारी. बंगालच्या फौजेचा त्यानं तीनदा कारभार सांभाळला, बंगालचा गव्हर्नर रॉबर्ट क्लाइव्ह याचा विश्वास मिळवला, बक्कळ पैसा घेऊन इंग्लंडला परतला आणि १७६८ ते १७७४ या काळात लेमस्टर या छोट्या मतदारसंघातून हाउस ऑफ कॉमन्समध्ये बसला. मग मुंबई कौन्सिलचा, म्हणजे गव्हर्नरसोबत कारभार पाहणाऱ्या मंडळाचा, सभासद होऊन पुन्हा भारतात आला. जानेवारी १७७९ मध्ये वडगाव मावळला इंग्रजांना मराठ्यांपुढे मान तुकवावी लागली, तेव्हा मोहिमेच्या समितीचा प्रमुख तोच होता. २९ नोव्हेंबर १८०० रोजी मंगळूरला वारला, तेव्हा त्यानं ऐंशीचा उंबरठा गाठला होता.

आपल्याकडच्या पुस्तकांत त्याचं आयुष्य जेमतेम आठवड्याभराचं असतं. तळेगावला येतो, माघार घेतो, करार करतो, संपला. हे अपुरं आहे. वडगावला त्यानं जे केलं ते का केलं, हे कळायला मागची वीस वर्षं बघावी लागतात.

२. मुंबईचं कर्नाक बंदर, कर्नाक रोड, कर्नाक पूल याच्याच नावाचे ना?

नाही. ही सगळ्यात जास्त वेळा होणारी गल्लत. ते नाव सर जेम्स रिव्हेट-कर्नाक याचं. तो १८३९ ते १८४१ या काळात मुंबईचा गव्हर्नर होता. दोघांचं नातं रक्ताचं नाही, पण 'कर्नाक' हे आडनाव त्याच्या घराण्यात आपल्या जॉनमुळेच आलं. ती हकीकत प्रश्न १७ मध्ये. कर्नाक रोडचा लोकमान्य टिळक मार्ग होऊन बराच काळ लोटला. जुना पूल २०२२ मध्ये पाडला आणि २०२५ मध्ये उघडलेल्या नव्या पुलाला सिंदूर पूल हे नाव मिळालं. इजिप्तमधल्या कर्नाकच्या देवळाशी यातल्या कुणाचाच संबंध नाही.

३. तो भारतात आला कसा? कंपनीनं भरती केलं होतं का?

आला तो राजाच्या फौजेतून. १७५४ मध्ये इंग्लंडहून ३९ वी पायदळ पलटण मद्रासला आली. राजाची पलटण भारतात येण्याची ती पहिलीच वेळ. त्या पलटणीत कर्नाक अधिकारी होता. १७५८ मध्ये पलटणीला परत बोलावणं आलं, तेव्हा ज्यांनी मागे राहून कंपनीची चाकरी धरली त्यांत तोही होता. राजाच्या फौजेत बढतीसाठी वशिला आणि पैसा लागायचा, हुद्दे चक्क विकत मिळायचे. कंपनीकडे माणसं कमी आणि लढाया जास्त. दोन-तीन वर्षांत कर्नाक मेजर होऊन बंगालच्या फौजेचा प्रमुख झाला.

४. बंगालमध्ये त्यानं असं काय गाजवलं?

१५ जानेवारी १७६१. तारीख नीट बघा. पानिपतच्या आदल्या दिवशी नव्हे, दुसऱ्या दिवशी. तिकडे पानिपतावर प्रेतांची मोजदाद चालू असताना इकडे बिहारमध्ये सुआन गावाजवळ कर्नाकनं शाह आलम बादशहाच्या फौजेचा पराभव केला. बादशहाबरोबर फ्रेंचांची एक छोटी तुकडी होती. तिचा म्होरक्या झां लॉ. फौज पांगली तरी हा पठ्ठ्या एका तोफेवर मांड ठोकून बसून राहिला. शरण येईन, पण तलवार देणार नाही, म्हणाला. कर्नाकनं टोपी काढून त्याला मान दिला, तलवार त्याच्याकडेच राहू दिली आणि पाहुण्यासारखं वागवलं. त्या काळचा फारसी इतिहासकार गुलाम हुसेन खान यानं हा प्रसंग कौतुकानं नोंदवला आहे. हरलेल्या शत्रूची टिंगल करणाऱ्या आपल्याकडच्या लोकांनी हे बघावं, असा त्याचा रोख.

यानंतर बादशहाशी बोलणी करून कर्नाकनं त्याला इतमामानं पाटण्याला नेलं. त्याच्या आयुष्यातला सगळ्यात चांगला महिना हाच, असं माझं मत.

५. बक्सरची लढाई त्यानंच जिंकली असं एका ठिकाणी वाचलं. खरं का?

नाही. २२ ऑक्टोबर १७६४ ला बक्सर जिंकलं ते हेक्टर मन्रोनं. कर्नाक त्याच्या आधी फौजेचा प्रमुख होता. त्या वर्षी मे महिन्यात अवधचा नवाब शुजा उद्दौला यानं पाटण्यावर केलेला हल्ला त्यानं परतवला, पण पाठलाग केला नाही आणि मोहीम रेंगाळली. धीमेपणाचा आरोप त्याच्यावर तेव्हापासूनचा आहे. प्रश्न १२ वाचताना हे ध्यानात ठेवा.

६. वडगावच्या आधी त्याची मराठ्यांशी कधी गाठ पडली होती का?

पडली होती, आणि तेव्हा तो जिंकला होता. बक्सरनंतर शुजा उद्दौल्यानं मल्हारराव होळकरांची मदत मागितली. मे १७६५ मध्ये कोरा या गावाजवळ कर्नाकच्या तोफखान्यानं होळकरांच्या स्वारांना मागे रेटलं आणि त्याच महिन्यात त्यांना यमुनेपार जावं लागलं. आधार तुटल्यावर शुजा स्वतः कर्नाकच्या छावणीत येऊन हजर झाला. ऑगस्टमधल्या अलाहाबादच्या तहावर कंपनीतर्फे क्लाइव्हबरोबर कर्नाकचीही सही आहे. ५० लाख रुपयांच्या खंडणीवर शुजाला त्याचा मुलूख परत मिळाला. तहाच्या चार दिवस आधी बादशहानं बंगाल, बिहार, ओरिसाची दिवाणी, म्हणजे महसूल वसुलीचा हक्क, कंपनीला दिली होती.

आता हा अनुभव घेऊन माणूस चौदा वर्षांनी बोरघाट चढतो. मराठे म्हणजे तोफा डागल्या की पांगणारे घोडेस्वार, अशी त्याची समजूत असणारच. महादजी शिंद्यांनी आणि भिवराव पानशांच्या तोफांनी ती पुरती उतरवली.

७. त्याच्याकडे एवढा पैसा आला कुठून? लाच खाल्ली का?

त्या काळच्या भाषेत 'नजराणा'. बनारसचा राजा बलवंतसिंग याच्याकडून ८०,००० रुपये, खुद्द शाह आलम बादशहाकडून दोन लाख. दुसरी रक्कम जास्त बोचते. नजराणे बंद करण्यासाठी कंपनीनं आपल्या नोकरांकडून करारपत्रं लिहून घ्यायचं ठरवलं होतं : हजार रुपयांवरच्या भेटीला कौन्सिलची परवानगी, चार हजारांवर असेल तर रक्कम कंपनीकडे जमा. ही पत्रं कर्नाककडे आली, त्यानं हाताखालच्या अधिकाऱ्यांच्या सह्या घेतल्या आणि स्वतःची सही तेवढी राहू दिली. त्यानंतर थोड्याच दिवसांत बादशहाचे दोन लाख आले.

तो रक्कम लपवून बसला नाही, प्रकरण कंपनीपुढे मंजुरीसाठी गेलं आणि क्लाइव्हनं त्याची भलामण केली. क्लाइव्हची भलामण म्हणजे काय दर्जाचं प्रमाणपत्र, ते ज्यानं त्यानं ठरवावं. बादशहा त्या वेळी इंग्रजांच्याच आसऱ्याला होता. आश्रिताकडून आश्रयदात्यानं दोन लाख घ्यायचे याला खुशीची भेट म्हणायला माझी जीभ वळत नाही.

८. मग खासदार कसा झाला? निवडणूक लढवून की पैसे फेकून?

दोन्ही. त्या काळात ते फारसं वेगळं नव्हतं.

कॉमन्समध्ये ५५८ जागा होत्या. मोठमोठ्या गावांना एकही जागा नाही आणि ओसाड पडलेल्या खेड्याला दोन, असा कारभार. लेमस्टर त्या मानानं बरं. हेरफर्डशरमधलं लोकरीच्या व्यापाराचं गाव, जागा दोन, मतदार काही शे. स्थानिक कर भरणाऱ्या घरवाल्यांना मत होतं. मत हात वर करून, नाव सांगून, सगळ्यांदेखत द्यायचं. गुप्त मतदान तिकडे आलं ते १८७२ मध्ये. त्यामुळे मतदाराला पैसे दिले की त्यानं मत दिलं की नाही हे तिथल्या तिथे कळायचं. अशा गावांना भारतातून आलेला गबर उमेदवार म्हणजे पर्वणीच. या मंडळींना इंग्लंडात 'नबाब' म्हणून हिणवत आणि त्यांच्याच पैशानं मेजवान्या झोडत.

१७६८ च्या निवडणुकीत क्लाइव्हनं आपल्या मर्जीतली बरीच माणसं कॉमन्समध्ये आणली. कर्नाक त्याच गोतावळ्यातला. लेमस्टरची दुसरी जागा जवळच्या शॉबडनच्या लॉर्ड बेटमननं घेतली. लॉर्ड असून कॉमन्समध्ये कसा, हाही प्रश्न येतो : त्याची सरदारकी आयर्लंडची होती, आणि आयरिश सरदारांना कॉमन्सला उभं राहता यायचं.

९. खासदारकीतून पगार मिळायचा का?

छदामही नाही. पगार सुरू झाला १९११ मध्ये. उलट शहरी जागेसाठी वर्षाला ३०० पौंड उत्पन्नाची जमीन असल्याचं दाखवावं लागायचं. खासदारकीचा फायदा वेगळा होता : ओळखी, शब्दाला वजन आणि कंपनीच्या भानगडी पार्लमेंटपुढे आल्या तर आत बसलेले आपले चार लोक.

१०. पार्लमेंटमध्ये त्यानं काय काम केलं?

त्याच्या भाषणांनी इतिहास घडला असं कुणी म्हणणार नाही. पण तो बसला त्या काळात दोन गोष्टी झाल्या, आणि त्या दोन्ही त्याच्याशी निगडित होत्या. मे १७७३ मध्ये क्लाइव्हच्या बंगालमधल्या कमाईवर कॉमन्समध्ये वादळी चर्चा झाली. शेवट क्लाइव्हनं देशाची मोठी सेवा केली, या ठरावानं झाला. त्याच वर्षी रेग्युलेटिंग अॅक्ट आला. त्या कायद्यानं बंगालच्या गव्हर्नर-जनरलच्या संमतीशिवाय युद्ध करायला किंवा तह करायला मुंबई आणि मद्रासला बंदी घातली. अपवाद फक्त अगदी निकडीच्या वेळेचा, किंवा विलायतेहून थेट हुकूम आला असेल तेव्हाचा.

कायदा झाला तेव्हा कर्नाक सभागृहाचा सभासद होता. सहा वर्षांनी वडगावच्या छावणीत तो करार करायला बसला, तेव्हा याच कायद्याचं कलम त्याच्या मानगुटीवर होतं (प्रश्न १४).

११. एवढा पैसा होता तर म्हातारपणी पुन्हा भारतात कशाला आला?

पैसा उरला नव्हता. १७६९ मध्ये त्यानं एलिझाबेथ रिव्हेटशी लग्न केलं. १७७१ च्या सुमारास हँपशरमध्ये फेअरहॅमजवळचा कॅम्स हॉल विकत घेतला आणि तो नव्यानं बांधायला काढला. इंग्लंडात जमीनदारासारखं राहणं म्हणजे खर्चाला तळ नाही. त्यातच १७६९ मध्ये हैदरअलीच्या बातम्यांनी कंपनीचे शेअर गडगडले आणि १७७२ मध्ये लंडनच्या सावकारीत मोठी पडझड झाली. नबाबांपैकी बऱ्याच जणांची श्रीमंती या चार वर्षांत आटली. १७७४ मध्ये पार्लमेंट विसर्जित झालं, त्याच वर्षी नोव्हेंबरात क्लाइव्हही गेला. १७७६ मध्ये कर्नाक मुंबई कौन्सिलमध्ये रुजू झाला, गव्हर्नर हॉर्नबीच्या खालोखालचा सभासद म्हणून.

१२. वडगावच्या मोहिमेचा सेनापती तोच ना? मग दोष पूर्ण त्याचा का नाही?

सेनापती तो नव्हता, आणि खरी गंमत तिथेच आहे. राघोबादादांना पुण्यात बसवायला मुंबईकरांनी फौज काढली ती सुमारे ३,९०० माणसांची. प्रमुख कर्नल चार्ल्स एगर्टन, प्रकृतीनं खंगलेला. पण मुंबईकरांनी सगळी सूत्रं त्याच्या हाती दिली नाहीत. वर तिघांची समिती नेमली : कर्नाक, एगर्टन आणि पुण्याच्या दरबारात पूर्वी वकील म्हणून राहिलेला थॉमस मॉस्टिन. पुण्याची नस ज्याला ठाऊक होती तो मॉस्टिन आजारी पडून मुंबईला परतला आणि १ जानेवारी १७७९ ला वारला. उरले दोघे, आणि त्यांचं पटेना. फौजेनं समितीच्या अध्यक्षाला लष्करी मानवंदना द्यायची की नाही, यावरूनही वाजलं.

आता चाल बघा. फौज पनवेलला उतरली, बोरघाट चढली. बरोबर १९,००० बैल! खंडाळ्याहून कार्ल्यापर्यंतचे आठ मैल जायला अकरा दिवस लागले. आज त्या अंतराला गाडीनं चहा निवत नाही. दर मुक्कामाला मराठ्यांचे स्वार कडेनं घिरट्या घालत होते. राघोबांना मिळायला मोठमोठे सरदार येतील असा भरवसा दिला होता, एकही आला नाही. ६ जानेवारीला एगर्टननं अंथरूण धरलं आणि फौज लेफ्टनंट कर्नल कॉकबर्नकडे गेली. ९ तारखेला तळेगाव गाठलं तर गाव जाळलेलं, दाणा नाही, वैरण नाही. पुणं अठरा मैलांवर होतं, तेही जाळायची मराठ्यांची तयारी असल्याच्या बातम्या येत होत्या.

आणि इथे कर्नाक कचरला. अठरा दिवसांची शिधासामग्री शिल्लक असताना माघारीचा निर्णय झाला. पुढे जाऊ, निदान थांबून बोलणी करू, असं राघोबादादांचं म्हणणं होतं. ऐकलं नाही. ११ जानेवारीच्या रात्री जड तोफा तळेगावच्या तळ्यात ढकलल्या, सामान पेटवलं आणि फौज गुपचूप मागे फिरली. मराठ्यांना हे रातोरातच कळलं. १२ तारखेला पिछाडीवर झोड उठली. कॅप्टन हार्टले नावाच्या अधिकाऱ्यानं ती धरून ठेवली म्हणून फौज वडगावपर्यंत पोचली, तरी एका दिवसात साडेतीनशेच्या वर माणसं मेली, जायबंदी झाली किंवा बेपत्ता झाली.

दोषाची वाटणी करायचीच तर, फाजील आशेवर मोहीम काढली हा हॉर्नबीचा दोष, गोगलगायीची चाल एगर्टनची, आणि तळेगावची माघार मुख्यतः कर्नाकची. मात्र इंग्रज हरले ते फक्त आपल्या चुकांनी, हे इंग्रजी पुस्तकातलं पालुपद आपण कशाला आळवायचं? गाव रिकामं करून पेटवणं, शत्रूला आत ओढणं, रसद तोडणं, घाटाची वाट दाबणं, हा नाना फडणीस आणि महादजींचा डाव होता आणि तो चोख वठला.

१३. इष्टूर फाकडा म्हणजे कर्नाकच का?

नाही. तो कॅप्टन जेम्स स्ट्युअर्ट. आघाडीच्या तुकडीचा शूर अधिकारी, ४ जानेवारीला कार्ल्याजवळ तोफेच्या गोळ्यानं गेला. वडगावला त्याची समाधी आहे. कर्नाकची मावळात काही खूण नाही. लोकांनी शत्रूंतलाही शूर तेवढा निवडून लक्षात ठेवला.

१४. त्याला तहाचा अधिकारच नव्हता म्हणतात. मग वडगावचा करार झाला कसा? तो खरा धरायचा की खोटा?

हा सगळ्यात अडचणीचा प्रश्न, कारण दोन्ही बाजूंनी बोलायला जागा आहे.

१३ जानेवारीनंतर फौजेला हलता येईना. फार्मर नावाच्या सनदी नोकराला बोलणीसाठी पाठवलं. पहिली मागणी आली : राघोबा आमच्या हवाली करा. दादा आधीच महादजींशी संधान बांधून त्यांच्याकडे जायला तयार झाले होते, त्यामुळे तो पेच सुटला. मग मराठ्यांनी तह मागितला. कर्नाकनं कळवलं की समितीला तसा अधिकार नाही. आणि दुसऱ्याच दिवशी होम्स नावाच्या माणसाला पूर्ण अधिकार देऊन महादजींच्या छावणीत धाडलं! १६-१७ जानेवारीला करार ठरला. साष्टी, उरण यांसह १७७३ पासून घेतलेला मुलूख परत, बंगालहून येणारी गॉडर्डची फौज माघारी, भडोचच्या वसुलीतला हिस्सा शिंद्यांना, शिंद्यांच्या माणसांना ४१,००० रुपये, आणि ओलीस म्हणून फार्मर व लेफ्टनंट चार्ल्स स्ट्युअर्ट. (हा स्ट्युअर्ट प्रश्न १३ मधला नव्हे.)

घाट उतरल्याबरोबर कर्नाकनं पहिलं काम काय केलं, तर गॉडर्डला थांबवणारा स्वतःचाच हुकूम रद्द केला. म्हणजे पाळायचा नाही हे ठरवूनच त्यानं शब्द दिला होता, असं म्हणायला भरपूर आधार आहे. पुढे मुंबईनं आणि बंगालचा गव्हर्नर-जनरल वॉरन हेस्टिंग्ज यानं करार अमान्य केला. कायद्याच्या बाजूनं बघाल तर प्रश्न १० मधल्या कलमाप्रमाणे त्यांचं म्हणणं टिकतं. पण अधिकार नसलेल्या माणसानं कोंडीत सापडलेल्या फौजेचे प्राण त्या कागदावर सोडवून घ्यायचे आणि मग कागद फाडायचा, याला मराठीत दगा म्हणतात. हेस्टिंग्जलाही हे थोडं लागलं असावं. १७८२ मध्ये महादजींना भडोच देताना वडगावला त्यांनी दाखवलेल्या उदारपणाचा हवाला दिला गेला. साष्टी मात्र युद्ध संपवणाऱ्या सालबाईच्या तहानंतरही इंग्रजांकडेच राहिली.

१५. 'ब्रिटिश खासदार मराठ्यांना शरण आला' असं लिहिलं तर चालेल का?

'माजी' हा शब्द घाला. १७७४ नंतर तो खासदार नव्हता. पण भारतात असताना खासदार राहणं अशक्य होतं असंही समजू नका. क्लाइव्ह १७६५ ते १७६७ बंगालमध्ये होता, तेव्हा श्रूझबरीची त्याची जागा तशीच होती.

१६. त्याला शिक्षा काय झाली? आणि ठाण्याच्या ताम्रपटाशी त्याचं नाव कसं जोडलं गेलं?

कंपनीच्या संचालकांनी कर्नाक, एगर्टन आणि कॉकबर्न या तिघांनाही नोकरीतून काढलं. पिछाडी सांभाळणाऱ्या हार्टलेला मुंबई सरकारनं बढती दिली. कर्नाक भारतातच राहिला, आणि या निवृत्तीतल्या वर्षांत त्याच्या हातून एक काम झालं, जे आपल्याकडे जवळजवळ कुणालाच ठाऊक नसतं. १७८७ मध्ये ठाण्याच्या किल्ल्यात नव्या बांधकामाचा पाया खणताना ताम्रपट सापडले. शिलाहार राजा अरिकेसरीचे, शके ९३९ चे. कर्नाकनं ते कलकत्त्याला एशियाटिक सोसायटीकडे पाठवले. रामलोचन पंडितांनी मजकूर उलगडला आणि त्याचं भाषांतर सोसायटीच्या संशोधनपत्रिकेच्या अगदी पहिल्या खंडात छापलं गेलं. कोकणच्या शिलाहारांचा छापील अभ्यास सुरू झाला तो इथून.

१७. त्याचा वारस कोण? त्याचं चित्र कुठे बघायला मिळेल?

मालमत्ता गेली मेहुण्याकडे. बायकोचा भाऊ जेम्स रिव्हेट हाही मुंबईत कंपनीच्या चाकरीत होता. कर्नाक हे आडनाव लावायच्या अटीवर त्याला वारसा मिळाला आणि १८०१ मध्ये रिव्हेटचे रिव्हेट-कर्नाक झाले. त्याचाच मुलगा प्रश्न २ मधला गव्हर्नर. तोही मुंबईला येण्यापूर्वी सँडविचचा खासदार होता.

एलिझाबेथ कर्नाकचं पूर्णाकृती चित्र जोशुआ रेनॉल्ड्सनं काढलं. ते लंडनच्या वॉलेस कलेक्शनमध्ये टांगलेलं आहे. नवऱ्याच्या लढाया, तह आणि बडतर्फी यांपेक्षा आज तिकडे तिचं चित्र ओळखणारे लोक जास्त सापडतील.